गोल्डन वॉटल आणि 'अकेशिया' नावाचा वाद: पार्श्वभूमी

आग्नेय ऑस्ट्रेलियात, विरळ निलगिरी जंगलांच्या खालच्या थरात गोल्डन वॉटल हे 'अकेशिया' गटातले झुडूप वाढते. जमीन बहुधा उथळ आणि कोरडी. झुडपाची उंची 3 ते 8 मीटर. पूर्ण वाढलेल्या झुडपाला खरी पाने नसतात. देठच चपटा होऊन कोयत्यासारखा वाकतो आणि पानाचे काम करतो. कोवळ्या रोपाला मात्र बाभळीसारखी बारीक पाने असतात, त्यामुळे दोन्ही एकाच जातीची वाटत नाहीत.

बियांची साल कडक असते. टोकाचा तेलकट भाग खाण्यासाठी मुंग्या बी वारुळात नेतात. तिथे ते वर्षानुवर्षे पडून राहते आणि वणव्याची धग लागली की रुजते. रोपवाटिकेत हेच काम उकळते पाणी करते: भांडे आचेवरून उतरवून पाणी बियांवर ओतायचे, रात्रभर निवू द्यायचे, फुगलेले बी पेरायचे. न फुगलेल्याला पुन्हा तेच. आचेवर ठेवून उकळले तर आतला गर्भ मरतो.

सालीत टॅनिन भरपूर, म्हणून एकोणिसाव्या शतकात कातडी कमावण्यासाठी ती सोलली जाई. दक्षिण आफ्रिकेत नेलेले हे झुडूप तिथे उपद्रवी तण ठरले. मायदेशी मात्र 1988 मध्ये ते राष्ट्रीय फूल झाले.

खरा गुंता नावाचा. 'अकेशिया' ही प्रजाती (म्हणजे अनेक जातींना सामावणारा गट) 1754 मध्ये नोंदली गेली आणि तिचा आधार होती काटेरी बाभूळ, ऑस्ट्रेलियातली वॉटल नव्हे. तेराशेहून अधिक जातींचा हा गोतावळा एका वंशाचा नाही, हे विसाव्या शतकाच्या अखेरीस स्पष्ट झाले. प्रजाती फुटली की जुने नाव आधार-जातीच्या गटाकडे राहते, असा नियम. म्हणजे नाव बाभळीकडे राहायचे आणि ऑस्ट्रेलियातल्या सुमारे हजार जातींना नवे घ्यावे लागायचे. ते टाळण्यासाठी आधार-जातच बदलून ऑस्ट्रेलियातली एक वॉटल नेमावी, असा प्रस्ताव आला. कमीत कमी जातींची नावे बदलावीत, हा त्यामागचा युक्तिवाद. आकड्यांपुरता तो खोटा नाही.

2005 मध्ये व्हिएन्नाला आंतरराष्ट्रीय वनस्पतिशास्त्र परिषदेत मतदान झाले. सुमारे 55 टक्के मते प्रस्तावाच्या विरोधात पडली, तरीही तो मंजूर झाला! तज्ज्ञ समितीने आधीच अनुकूल शिफारस केलेली होती आणि ती फेटाळायला 60 टक्के मते लागतील, असे ठरवले गेले. एरवी 60 टक्क्यांची अट बदल करू पाहणाऱ्यावर असते. इथे ती बदल रोखणाऱ्यांवर पडली. बाभळीच्या गटातली झाडे असलेल्या आफ्रिकेतल्या अभ्यासकांचा राग यावरच होता आणि तो रास्त होता. 2011 ची परिषद मेलबर्नला, म्हणजे लाभार्थ्यांच्याच अंगणात भरली. तिथे दोन्ही बाजूंना 'अकेशिया' ठेवू देणारे तडजोडीचे पर्याय नाकारले गेले आणि व्हिएन्नाचा निर्णय कायम झाला.

परिणाम थेट आपल्या शिवारात आला. बाभूळ आणि हिवर आता 'वाचेलिया', खैर आणि शिकेकाई 'सेनेगालिया'. कोकण-गोव्यात जांभ्यावर लावलेली ऑस्ट्रेलियन बाभूळ, जी मुळात इथली नाहीच, ती मात्र 'अकेशिया'च राहिली. जुनी पुस्तके आणि वनस्पतिसंग्रहांतल्या नोंदी जुन्या नावांनी असल्याने शोध दोन्ही नावांनी घ्यावा लागतो.

झाडापाशी उभे असाल तर काटे पाहावेत. पानाच्या तळाशी जोडीने सरळ काटे असले तर वाचेलिया. आकड्यासारखे वाकडे असले, जोडीने खैराला किंवा विखुरलेले शिकेकाईला, तर सेनेगालिया. काटे नाहीत आणि पानाच्या जागी चपटा देठ आहे, तर ती वॉटल. वॉटलच्या काही जातींना मात्र मोठेपणीही बारीक संयुक्त पानेच राहतात. निलगिरी डोंगरांत लावलेली ब्लॅक वॉटल त्यांपैकी एक. तिथे काटे नसणे हीच खूण धरावी.