दडलेला धसका

लहानपणी किंवा उमलत्या वयात झालेल्या अत्याचाराचा धसका मनात दाबून शिक्षण, नोकरी, संसार सगळे रीतसर निभावणाऱ्या तरुण स्त्रियांची अवस्था. धसका घेतलेली मुलगी खंगते, असा जुना समज आहे. ही खंगत नाही. परीक्षेत पहिल्या वर्गात येते, लग्नघरी पंगतीला वाढते. रात्री मात्र दाराची कडी तीनदा चाचपून, दिवा चालू ठेवूनच आडवी होते. कुणी विचारलेच तर "काही नाही गं, झोप झाली नाही" एवढेच म्हणते.

अशी आठवण अंगात मुरलेली असते. एखाद्या तेलाचा वास, मागून खांद्यावर पडलेला हात, एवढ्याने छाती धडधडते, हातपाय गार पडतात. कधी सगळे बधिर होते आणि समोरच्याचे बोलणे लांबून आल्यासारखे वाटते. अशा लक्षणांना नाव देणारे आघातोत्तर ताणविकार (पीटीएसडी) हे निदान अमेरिकन मनोविकार संघटनेच्या सूचीत १९८० मध्ये आले, तेव्हा डोळ्यांसमोर मुख्यतः व्हिएतनामहून परतलेले सैनिक होते. दीर्घकाळ सोसलेल्या आघाताचा 'जटिल' प्रकार जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ या आजारांच्या सूचीत वेगळा नोंदला गेला. ती सूची २०२२ पासून लागू आहे. घरात सोसलेल्या मुलींना नाव मिळायला इतका उशीर लागला.

केंद्रीय महिला व बालविकास मंत्रालयाच्या २००७ च्या अभ्यासात, महाराष्ट्र आणि गोवा धरून १३ राज्यांतल्या १२,४४७ मुलामुलींपैकी ५३ टक्क्यांनी लैंगिक अत्याचाराचा कोणता ना कोणता प्रकार सोसल्याचे सांगितले. अत्याचार करणारे निम्मे ओळखीचे, विश्वासातले होते. यातच गप्प राहण्याचे मूळ आहे. आई म्हणते, "बोलू नकोस कुणाकडे, आपलीच अब्रू जाते." तोच माणूस दिवाळीत फराळाला येतो आणि मुलीला त्याच्या पाया पडायला सांगतात. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच.

मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणारा पोक्सो कायदा १४ नोव्हेंबर २०१२ पासून लागू झाला. 'टेलिमानस' या सरकारी मानसिक आरोग्य सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य समुपदेशन मिळते. पण बहुतेकींची पहिली गाठ डॉक्टरशी पडते, तीही डोकेदुखी, पोटदुखीच्या निमित्ताने. मुंबई महापालिका आणि आरोग्यावर संशोधन करणाऱ्या 'सेहत' संस्थेने वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात २००० मध्ये सुरू केलेले 'दिलासा' केंद्र म्हणूनच मोलाचे वाटते. हिंसा सोसणाऱ्या स्त्रीला ओळखायला तिथे परिचारिकांनाही शिकवले गेले: सोबतच्यांना बाहेर बसवायचे, पडदा ओढायचा आणि मग विचारायचे, "घरी सगळं बरं आहे ना?"