इंबिझो

दक्षिण आफ्रिकेतील झुलू व खोसा समाजांत राजाने किंवा प्रमुखाने बोलावलेली जाहीर सभा. हे दोन्ही समाज न्गुनी भाषासमूहातील असून झुलूंची मुख्य वस्ती क्वाझुलू-नाताल प्रांतात, तर खोसांची ईस्टर्न केप प्रांतात आहे. या भाषांतील टिचकीसारखे उच्चार देवनागरीत उतरत नाहीत; त्यामुळे पुढील रूपे जवळपासची समजावीत.

‘इंबिझो’ हा शब्द ‘बोलावणे’ या अर्थाच्या ‘बिझा’ या धातूपासून झाला आहे. सभा बोलावण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न त्यामुळे शब्दातच अंतर्भूत आहे. ‘इंदाबा’ हा दुसरा शब्द जगभर अधिक परिचित असला, तरी त्याच्या अर्थाबाबत बराच घोळ आहे. झुलूत इंदाबा म्हणजे बाब, प्रकरण किंवा वार्ता. त्याचे अनेकवचन ‘इझिंदाबा’ हे आजही बातम्यांसाठी वापरतात. ‘सभा’ हा अर्थ इंग्रजी वापरातून रूढ झालेला दिसतो. प्रकरणाची चर्चा आणि चर्चेसाठी जमलेले लोक यांत वसाहतकालीन श्रोत्यांनी फरक केला नसावा, हे स्पष्टीकरण सर्वांत पटण्याजोगे आहे. १९८६ च्या क्वाझुलू-नाताल इंदाबात आणि २०११ च्या दरबान हवामान परिषदेत हा शब्द याच विस्तारित अर्थाने आला. जमलेल्या पुरुषांच्या मंडळीला झुलूत ‘इबांड्ला’ म्हणतात. ‘इन्कुंड्ला’ ही खोसा वाड्यातील गुरांचा गोठा व घरे यांमधली मोकळी जागा. न्यायनिवाडा तेथेच होई, म्हणून न्यायालयालाही तोच शब्द लागू झाला.

प्रमुखाला ‘इन्कोसी’ (अनेकवचन ‘अमाखोसी’) म्हणतात. त्याच्या हाताखालील ‘इंदुना’ हा झुलू राज्यात सेनानी, कारभारी व राजाचा निरोप्या अशा अनेक नात्यांनी वावरे. खोसांमधील गावप्रमुख ‘इसिबोंदा’, म्हणजे शब्दशः खांब. सल्लागार ते ‘अमाफाकाथी’, म्हणजे आतले लोक. ‘फाकाथी’ म्हणजे आत. त्याच मुळाचा ‘उम्फाकाथी’ हा शब्द आता सर्व जनसमुदायासाठी वापरला जातो, हा अर्थबदल लक्षणीय आहे.

खोसा वारसापद्धतीत थोरले घर आणि उजव्या हाताचे घर असा भेद आहे. दोन वधू एकाच दिवशी आल्या, तेव्हा राजा फालो (मृत्यू सु. १७७५) याने एकीला मस्तकाचा (म्हणजे थोरल्या घराचा), तर दुसरीला उजव्या हाताचा मान दिला, अशी परंपरागत कथा सांगतात. फालोचे पुत्र ग्चालेका व रारॅबे यांच्यापासून खोसांच्या दोन प्रमुख शाखा झाल्या, एवढे निश्चित. कथा मात्र शब्दशः न घेता नंतरच्या फुटीचे समर्थन मानणे अधिक सयुक्तिक वाटते. जिचा मुलगा वारस होई, ती थोरली पत्नी बहुधा उशिरा केली जाई आणि तिच्या वधूमूल्याच्या गुरांचा भार लोक उचलत. परिणामी वारस अनेकदा अल्पवयीन राही व तो मोठा होईपर्यंत कारभार पालकाकडे (राजप्रतिनिधीकडे) जाई. स्त्रियांना सभेत स्थान नसले, तरी पालक म्हणून त्यांनी राज्ये सांभाळली: सांदिलेच्या बालपणी रारॅबे शाखेत त्याची आई सुथू हिने कारभार पाहिला, तर झुलू परंपरेत शाकापूर्वीचा प्रमुख सेन्झान्गाखोना याची बहीण म्काबायी हिचे नाव घेतात.

‘प्रमुख लोकांमुळे प्रमुख’ हे वचन दोन्ही भाषांत आहे. ते प्रत्यक्षात कितपत पाळले जाई, हा वादाचा विषय आहे. नेल्सन मंडेला यांच्या बालपणाचा काही काळ खोसाभाषक थेंबू समाजाचे पालक जोन्गिन्ताबा यांच्या म्केकेझ्वेनी येथील वाड्यात गेले. तेथे प्रत्येक पुरुषाला बोलू देत, पालक शेवटी बोले, स्वतःवरील टीका तो मुकाट्याने ऐके आणि एकमत न झाल्यास सभा पुन्हा भरे, असे त्यांनी आत्मचरित्रात नोंदवले आहे. झुलू राजा सेत्श्वायो याने १८८१ मध्ये ब्रिटिश केप वसाहतीच्या आयोगापुढे, राजसत्ता प्रमुखांच्या जोडीने चालते अशी साक्ष दिली. तो तेव्हा कैदेत होता व राज्य परत मागत होता, हे ध्यानात ठेवूनही ही साक्ष मोलाची आहे. सु. १८१६ नंतर झुलू राजा शाका याने वयोगटांच्या पलटणी (‘अमाबुथो’) थेट आपल्या हुकमाखाली आणल्या. तेथे सल्लामसलतीला वाव कमी होता. खोसा प्रमुखावर खरा अंकुश बहुधा सभेपेक्षा लोकांच्या स्थलांतराच्या मुभेचा होता. नाराज कुटुंब गुरे घेऊन शेजारच्या प्रमुखाकडे जाई, आणि माणसे गेली की सत्ता जाई.

ही मुभा वसाहतकाळात संपली. नाताल या ब्रिटिश वसाहतीत १८४९ पासून लेफ्टनंट गव्हर्नर हाच ‘सर्वोच्च प्रमुख’ ठरला. तेथील वसाहत अधिकारी थिओफिलस शेपस्टन यांच्या पद्धतीत प्रमुख सरकारी नेमणुकीचे झाले. १८७९ च्या इंग्रज-झुलू युद्धानंतर झुलू राज्याचे तेरा तुकडे करण्यात आले. ट्रान्सके या खोसाभाषक प्रदेशातील (आता ईस्टर्न केपमध्ये) ‘बुंगा’ ही परिषद दंडाधिकाऱ्यांच्या देखरेखीखाली चाले. उम्ताता (आता म्थाथा) येथील तिच्या इमारतीत २००० पासून मंडेला संग्रहालय आहे. १९५१ च्या बांटू अधिसत्ता कायद्याने प्रमुखांना वर्णभेदी राजवटीच्या यंत्रणेत ओढले. युगांडाचे अभ्यासक महमूद मामदानी यांनी १९९६ मध्ये या व्यवस्थेला विकेंद्रित हुकूमशाही म्हटले. वसाहतकाळापुरते ते मत मान्य करावे लागते.

१९९६ च्या संविधानाने पारंपरिक नेतृत्वाला मान्यता दिली. २००३ च्या कायद्यान्वये पारंपरिक परिषदेत किमान एक तृतीयांश स्त्रिया व ४० टक्के निवडून आलेले सदस्य आवश्यक ठरले. राष्ट्राध्यक्ष थाबो म्बेकी यांच्या काळात सरकारनेही आपल्या जनसंपर्क सभांना इंबिझो हेच नाव दिले. झुलू राजा गुडविल झ्वेलिथिनी यांनी एप्रिल २०१५ मध्ये परदेशी नागरिकांवरील हल्ल्यांनंतर दरबानच्या मोझेस माभिदा मैदानावर आणि जुलै २०१८ मध्ये झुलू राजाच्या नावे सामुदायिक जमीन सांभाळणाऱ्या इन्गोन्यामा न्यासाच्या जमिनीसाठी उलुंडी येथे इंबिझो बोलावल्या. पारंपरिक नेतृत्वाविषयीचा २०१९ चा नवा कायदा पुरेसा लोकसहभाग न घेता संमत झाल्याचे सांगून संविधान न्यायालयाने मे २०२३ मध्ये तो अवैध ठरवला व दुरुस्तीसाठी २४ महिन्यांची मुदत दिली.