मनातले ताट पडद्यावर आले तर

असे एक यंत्र आहे असे समजू: ते टोपीसारखे डोक्यावर बसवायचे आणि माणसाच्या मनात जो विचार येईल तो समोरच्या पडद्यावर चित्ररूपाने उमटायचा. सोयीसाठी त्याला मनोदर्शक म्हणू आणि ते जळगावच्या एखाद्या प्रयोगशाळेत ठेवलेले आहे असे धरू. अमळनेर तालुक्यातला एक शेतकरी त्यापुढे बसतो आणि दुपारच्या जेवणाचा विचार करतो: कळण्याची (ज्वारी-उडदाच्या पिठाची) भाकरी, वांग्याचे भरीत, बाजूला ठेचा. पडद्यावर काय दिसेल? यंत्र काल्पनिक असले तरी या प्रश्नाचे उत्तर बऱ्यापैकी नेमके देता येते, कारण त्याचे सुटे भाग गेल्या शंभर वर्षांत एकेक करून तयार होत आले आहेत.

त्यांपैकी टोपीचा भाग सर्वांत जुना. जर्मनीतील येना येथील मनोविकारतज्ज्ञ हान्स बर्गर यांनी 1924 साली माणसाच्या डोक्यावरून मेंदूतील विजेचे चढउतार प्रथम नोंदवले आणि 1929 साली ते प्रसिद्ध केले. तरुणपणी लष्करात असताना ते घोड्यावरून पडून थोडक्यात वाचले होते, आणि त्याच सुमारास दूर गावी असलेल्या त्यांच्या बहिणीला ते संकटात असल्याची हुरहूर लागून वडिलांनी तार पाठवली होती. विचार एका मेंदूतून दुसऱ्या मेंदूत पोचत असावा, अशी त्यांची तेव्हापासूनची समजूत झाली. तसे काही त्यांना सिद्ध करता आले नाही, पण त्या शोधातून ईईजी, म्हणजे मेंदूतील विजेचा आलेख, मात्र हाती आला, आणि फिट येणाऱ्या रुग्णांची तपासणी आज त्यानेच होते. टोपीपर्यंत पोचणारा हा विद्युतदाब साधारण 10 ते 100 मायक्रोव्होल्ट, म्हणजे घड्याळातल्या दीड व्होल्टच्या सेलच्या काही हजारांश इतकाही नसतो. शिवाय सुमारे 8600 कोटी चेतापेशींचा तो कवटीतून गाळून आलेला कल्लोळ असतो. भुसावळ जंक्शनच्या बाहेर उभे राहून गाडी आली की गेली हे ऐकू येते, पण कोणत्या डब्यात कोण काय बोलले ते कळत नाही. ईईजीची स्थिती तशीच आहे. झोप, जाग, झटका हे तो ओळखतो, भाकरी ओळखत नाही.

आत डोकावण्यासाठी एफएमआरआय, म्हणजे मेंदूतील रक्तप्रवाहाचे बदल चुंबकाच्या साहाय्याने टिपणारे यंत्र, लागते. मेंदूचा जो भाग कामाला लागतो तिकडे प्राणवायूयुक्त रक्ताचा ओघ वाढतो आणि त्यामुळे चुंबकीय गुणधर्मात किंचित फरक पडतो, हे सेइजी ओगावा यांनी 1990 साली दाखवले. यासाठी लागणारा चुंबक सहसा उणे 269 अंश सेल्सिअसच्या द्रवरूप हेलियममध्ये बुडवून ठेवावा लागतो. मे महिन्यात 45 अंशांपर्यंत तापणाऱ्या जळगावात त्याच्या देखभालीचे काम कोणाला हेवा वाटावे असे नाही. मोठी अडचण मात्र वेगळीच आहे. रक्ताचा ओघ वाढून ओसरायला सुमारे 10 सेकंद लागतात आणि तेवढ्या वेळात माणूस वीसेक शब्द सहज बोलून जातो, त्यामुळे मेंदूच्या एकेका प्रतिमेत अनेक शब्द एकमेकांवर चढलेले असतात.

मग चित्र येते कुठून? कॅलिफोर्नियातील बर्कले विद्यापीठात जॅक गॅलंट यांच्या गटाने 2011 साली चित्रफिती पाहणाऱ्या माणसाच्या मेंदूवरून त्या चित्रफिती पुन्हा उभ्या करून दाखवल्या. त्यांनी यूट्यूबवरील सुमारे 1 कोटी 80 लाख सेकंदांच्या चित्रफितींचा साठा संगणकाला दिला, त्यातील कोणती फीत पाहताना या मेंदूचा प्रतिसाद कसा असेल याचे गणित मांडले, आणि प्रत्यक्ष नोंदीशी सर्वांत जुळणाऱ्या 100 फितींची सरासरी पडद्यावर टाकली. ते धूसर चित्र मेंदूतून निघालेले नव्हते; मेंदूने साठ्याकडे बोट दाखवले होते. 2023 साली ओसाका विद्यापीठातील संशोधकांनी हेच काम चित्रे तयार करणाऱ्या कृत्रिम बुद्धिमत्तेकडून करून घेतले, तेव्हा चित्रे बरीच स्पष्ट आली. माझ्या मते ही स्पष्टताच फसवी आहे, कारण वाढलेला रेखीवपणा बराचसा चित्रकार यंत्राचा आहे. ज्या साठ्यात कळण्याची भाकरी जवळजवळ नाही, तो साठा आपल्या शेतकऱ्यापुढे काळपट रंगाची एखादी पोळी किंवा पॅनकेक ठेवील आणि तेही अतिशय सुबकपणे. शिवाय ‘आज भरीत हवे’ आणि ‘आज भरीत नको’ या दोन विचारांचे चित्र एकच येण्याचा संभव आहे, कारण नकार चित्रात काढता येत नाही.

शब्दांचीही गत वेगळी नाही. टेक्सास विद्यापीठाच्या ऑस्टिन येथील प्रयोगशाळेने 2023 साली ऐकलेल्या आणि मनात सांगितलेल्या गोष्टींचा आशय एफएमआरआयवरून वाक्यांत उतरवला. त्यासाठी प्रत्येक व्यक्तीला सुमारे 16 तास यंत्रात पडून गोष्टी ऐकाव्या लागल्या. एकाच्या मेंदूवर शिकलेले यंत्र दुसऱ्याच्या मेंदूवर चालले नाही, आणि ज्याने मुद्दाम मनात प्राण्यांची नावे घोळवली त्याच्यापुढे ते निष्प्रभ ठरले. इथेही वाक्ये सुचवणारे भाषेचे प्रारूप (मजकुराच्या साठ्यावर शिकलेला संगणक-प्रोग्रॅम) होते आणि मेंदूच्या नोंदी त्यांतून निवड करत होत्या. 2011 च्या जनगणनेत अहिराणी जिच्यात मोडते त्या खानदेशी भाषेखाली 18 लाखांहून अधिक लोक नोंदले गेले, पण अहिराणीतील लिखित मजकूर फारच थोडा आहे. अहिराणीत विचार करणाऱ्याचे मन अशा यंत्राने वाचले तर पडद्यावर प्रमाण मराठी उमटेल, कदाचित इंग्रजीही, आणि आपण निवड चुकवली आहे हे यंत्राला कळणारही नाही.

मन वाचण्याचा हा प्रश्न न्यायालयातही येऊन गेला आहे. पुण्यातील एका खून खटल्यात 2008 साली मेंदूच्या विद्युत-नोंदींचा पुरावा निकालात विचारात घेतला गेला होता. पुढे 5 मे 2010 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य या प्रकरणात, संमतीशिवाय अशी मेंदूचाचणी किंवा नार्को चाचणी (औषधाने गुंगी आणून केलेली चौकशी) करता येणार नाही, असा निर्णय दिला. स्वतःविरुद्ध साक्ष देण्याची सक्ती न होण्याचा घटनेच्या कलम 20(3) मधील हक्क त्याच्या मुळाशी होता.

मनोदर्शकाचा सर्वांत उपयोगी भाऊबंद विचारांच्या वाटेला जातच नाही. सॅन फ्रान्सिस्को येथे एडवर्ड चांग यांच्या गटाने पक्षाघाताने वाचा गेलेल्या एका स्त्रीच्या मेंदूच्या पृष्ठभागावर 253 विद्युताग्रांची (इलेक्ट्रोडची) पट्टी बसवली आणि ओठ-जीभ हलवण्याच्या तिच्या प्रयत्नांतून मिनिटाला सुमारे 78 शब्द उमटवले. हे संशोधन 2023 साली प्रसिद्ध झाले. यंत्र तिथे इंग्रजीचे 39 ध्वनी ओळखत होते. शब्द जुळवायला भाषेच्या प्रारूपाची मदत इथेही लागली, तरी पाया बोलू पाहणाऱ्या व्यक्तीच्याच ध्वनींचा होता. अहिराणीचेही ध्वनी मोजकेच आहेत. धुळ्याच्या एखाद्या वाचा गेलेल्या रुग्णासाठी असे यंत्र करायचे तर आधी शस्त्रक्रियेची सोय लागेल, आणि तिच्या बरोबरीने घराघरांतल्या, शेतावरच्या, बाजारातल्या अहिराणी बोलण्याचे शेकडो तासांचे ध्वनिमुद्रण आणि ते ऐकून अचूक लिहून घेणारी माणसे लागतील. या दुसऱ्या कामाला ना हेलियम लागते, ना चुंबक.