सुपरहिरोची पँट अन् वरची लाल चड्डी

सुपरहिरोची पँट कशी असते हे कोणाला सांगायची गरज नाही, तान्ह्या पोळ्याला नंदी घेऊन येणाऱ्या पोट्ट्यांत एखादा तरी त्या वेशात असतोच. खरी गोष्ट आहे ती वरच्या चड्डीची.

ती आली सर्कशीतून. तिकडच्या, म्हणजे अमेरिका-युरोपातल्या सर्कशीत ताकदीचे खेळ करणारे पहिलवान विणलेली तंग पँट घालत अन् वरून आखूड चड्डी, कारण ताणलं की विणलेलं कापड झिरझिरीत होतं अन् चारचौघात आसन उसवलं तर इज्जतीचा प्रश्न. 1936 मध्ये कॉमिक्समधला वेताळ, म्हणजे फँटम, पट्ट्यापट्ट्यांची चड्डी घालून आला, 1938 मध्ये सुपरमॅन लाल चड्डीत. कागदावर काय, चित्रकार उघडं अंग काढून त्यात रंग भरतो, गुडघ्याला सुरकुती नाही की बुडाला झोळ नाही. खरं कापड तसं बसत नव्हतं. 1952 ला सुरू झालेल्या सुपरमॅनच्या टीव्ही मालिकेत सुरुवातीला तर ड्रेस तपकिरी-करडा होता, ब्लॅक अँड व्हाइटमध्ये कोणाला कळणार! अंगावर खरंच बसेल असा धागा, म्हणजे आपण ज्याला सरसकट लायक्रा म्हणतो तो, अमेरिकेत 1958 मध्ये तयार झाला.

आपल्या गावाकडं हे सगळं पोचलं ते 1997 ला, शक्तिमानसोबत. रविवारी दुपारी लाइन असली तर टीव्ही, नसली तर ज्याच्या घरी बॅटरी त्याच्याकडं गर्दी. मग गॅदरिंगला ड्रेस पाहिजे. गावातला टेलर तो शिवणार टेरिकॉटमध्ये, जे कापड तसूभर ताणत नाही. अंगाबरोबर शिवलं तर खाली बसता येत नाही, ढिलं शिवलं तर सुपरहिरोचा पायजमा होतो. होजिअरी आणून शिवली तर साध्या मशीनची शिवण पहिल्याच उडीत तुटते, तिला ताणणारी शिवण घालणारं ओव्हरलॉक मशीन लागतं, अन् ते तेव्हा तालुक्यालाच. अशा वेळी वरची चड्डी कामाची होती, फाटलेलं आसन झाकायला.

तिकडं मात्र चड्डीची लाज वाटायला लागली होती. 1989 च्या बॅटमॅनला काळं रबर आलं, 2000 च्या एक्स-मेनला काळं लेदर, अन् 2011 मध्ये सुपरमॅनच्या कॉमिक्समधूनच लाल चड्डी काढून टाकली, 2013 च्या सिनेमातही नाही. कारण एकच, जुनाट दिसते, लोक हसतात. आता हसतात हे खरं, पण चड्डी काढल्यावर झालं काय, तर छातीपासून बुटापर्यंत निळंच निळं, कंबर कुठं संपते अन् पाय कुठं सुरू होतात ते डोळ्याला सापडेना. मग ती जागा भरायला पट्टे, शिवणी, जाळीचं टेक्स्चर, छापलेले स्नायू. एक चड्डी टाळायला दहा कामं वाढवली. बदलाच्या बाजूनं बोलणारेही बरेच होते, नवीन पोरांना आवडलंही असेल, पण 2018 ला कॉमिक्सच्या हजाराव्या अंकात चड्डी परत आलीच ना. 2025 च्या सिनेमातही आहे, अन् तिथं तर म्हणे नटानंच दिग्दर्शकाला पटवलं, की एवढ्या ताकदीच्या माणसाला पाहून लेकरं घाबरू नयेत तर तो थोडा गमतीदार दिसला पाहिजे.

आता बाजारात ज्याला फोर वे म्हणतात ती पँट आडवी-उभी दोन्ही दिशेनं ताणते. त्यात लायक्रा थोडाच असतो, बाकी पॉलिस्टर नाहीतर नायलॉन. पहिल्यांदा घातली की मांड्या आवळल्यासारख्या वाटतात, दहा मिनिटांत विसरायला होतं, पळताना कापड मांडीला घासत नाही हा खरा फायदा. पण पॉलिस्टर स्वतः पाणी पीत नाही, त्याची ओल धरायची ताकद अर्ध्या टक्क्याच्याही आत अन् कापसाची आठच्या आसपास. म्हणजे कापूस पिकवणाऱ्या आपल्या यवतमाळ-अकोल्यात, मे महिन्यात, पोट्टे प्लास्टिकचाच धागा घालून फिरतात. हवा असली तर घाम लवकर उडतो, वारं पडलं की चिकचिक.

पोलीस भरतीचे पोट्टे पहाटे रोडवर 1600 मीटर काढतात ना, त्यांच्याकडं बघा. खाली काळी तंग पँट, वर शॉर्ट. त्यांना सुपरमॅनचं काही पडलेलं नाही, तंग पँटीवर काहीतरी पाहिजे हे त्यांना आपसूक कळलंय, गावातून जावं लागतं, नळावर बाया असतात. धुतल्यावर ती उन्हात टाकू नये, लायक्राला उष्णता सोसत नाही, गुडघ्याला ढिली पडते, पण सावलीत वाळवायला इथं सावली हाय कुठं, टिनावरच टाकतात.