ऊस वाढला आणि नेट गेलं

माझ्या मामांचं गाव करवीर तालुक्यात, पंचगंगेच्या काठाला. घरापासून गुऱ्हाळ साधारण ४०० मीटरवर आणि मधे सगळा ऊस. घरी फायबरचं कनेक्शन आहे, पण गुऱ्हाळापर्यंत केबल ओढायची तर दोघांच्या बांधावरून न्यावी लागणार, आणि नांगरटीत ती किती दिवस टिकणार? म्हणून घरचं नेट हवेतून गुऱ्हाळापर्यंत पोचवायला गेल्या फेब्रुवारीत घराच्या स्लॅबवर एक आणि गुऱ्हाळाच्या पत्र्यावर एक असे दोन पॅनेल अँटेना समोरासमोर बसवले. काहिलीवर, म्हणजे रस आटवायच्या मोठ्या कढईवर, लक्ष ठेवायला कॅमेरा लागला, मार्केट यार्डातल्या गुळाच्या सौद्यांचे भाव तिथंच मोबाईलवर कळू लागले. तेव्हा मधल्या रानात सुरू हंगामाच्या उसाची लागण नुकतीच झाली होती. कोंब गुडघ्याला लागत नव्हते.

सप्टेंबरच्या अखेरीस मामांचा फोन आला. "अरं, नेट सारखं जायलंय बघ. आधी वाटलं पावसानं हुतंय. पर पाऊस उघडून आठ दिस झालं, तरी तीच गत."

मी गेलो. स्लॅबवर चढून पाहिलं, तर गुऱ्हाळावरचा अँटेनाचा पांढरा डबा उसाच्या शेंड्यांवरून अगदी स्वच्छ दिसत होता. मामा म्हणाले, "समोर दिसतंय की! मग आडवं काय येतंय?"

मामांचा प्रश्न बिनतोड होता. त्याचं उत्तर नीट कळायचं तर आधी अँटेना म्हणजे काय ते पाहावं लागतं, आणि ते पाहायची सोपी जागा म्हणजे घरातला राउटर.

माझ्याकडे एका बाद झालेल्या राउटरचा अँटेना पडून होता. त्याचं काळं प्लॅस्टिकचं टोपण पकडीनं ओढून काढलं. बाहेरून वीतभर लांब दिसणारा तो दांडा आतून बराचसा पोकळ निघाला. बुडातून एक बारीक करडी केबल वर आलेली, तिच्या टोकाला तीनेक सेंटिमीटरची पितळी नळी डाख देऊन बसवलेली आणि नळीच्या वर तेवढ्याच लांबीची उघडी तार. खरा अँटेना एवढाच. नळी आणि तार मिळून सहा सेंटिमीटर, म्हणजे करंगळीएवढा. बाकी सगळं टोपण.

ही लांबी हिशोबानं आलेली आहे. राउटर त्या तारेतली वीज सेकंदाला साधारण २४० कोटी वेळा खाली-वर करतो. यालाच आपण २.४ गिगाहर्ट्झ म्हणतो. वीज अशी हलली की भोवतीचं विद्युत आणि चुंबकीय क्षेत्रही हलतं, आणि ती हालचाल प्रकाशाच्या वेगानं, सेकंदाला तीन लाख किलोमीटर, बाहेर पसरत जाते. एक हेलकावा पुरा होईपर्यंत लहर साडेबारा सेंटिमीटर पुढं गेलेली असते. ही तिची तरंगलांबी. तंबोऱ्याची तार जशी आपल्या लांबीच्या सुराला गुंजते, तशी धातूची तार तरंगलांबीच्या निम्मी असली की त्या लहरीला सहज गुंजते. साडेबाराचे निम्मे सव्वासहा. मोबाईलमध्ये नेमकं उलटं घडतं. आलेली लहर तिथल्या धातूच्या पट्टीतली वीज त्याच तालात हलवते आणि मोबाईल तो ताल वाचतो. ५ गिगाहर्ट्झच्या लहरी याच्या निम्म्याहून लहान, म्हणून त्यांचा अँटेना तीन सेंटिमीटरच्याही आत मावतो.

पूर्वी कौलांवर दूरदर्शनचा ॲल्युमिनियमच्या दांड्यांचा अँटेना असायचा. त्याच्या लहरी मीटरच्या मापातल्या, म्हणून दांड्याही लांबच लांब. ती रचना १९२६ साली जपानच्या तोहोकू विद्यापीठात शिंतारो उदा आणि हिदेत्सुगू यागी यांनी मांडली. वर चढून तो अँटेना फिरवणाऱ्याला आणि खालून "आलं, आलं, थांब!" म्हणून ओरडणाऱ्याला एक गोष्ट अनुभवानं पक्की ठाऊक होती: अँटेनाला दिशा असते.

नवीन अँटेना घ्यायला दुकानात गेलं की ही दिशेची गोष्टच नेमकी विसरली जाते. खोक्यावर ५ डीबीआय, ९ डीबीआय असे आकडे असतात, आणि मोठा आकडा म्हणजे जास्त ताकद असं आपण धरून चालतो. अँटेना ताकद तयार करत नाही. राउटरमधून जेवढी शक्ती येते तेवढीच तो बाहेर सोडतो, फक्त ती कुठल्या बाजूला किती जाईल हे ठरवतो.

भाकरीचा गोळा डोळ्यांसमोर आणा. चारी अंगांनी सारखा, तसा सगळ्या दिशांना सारखी लहर सोडणारा अँटेना कल्पायचा. असा अँटेना प्रत्यक्षात बनवता येत नाही, पण माप घ्यायला सोयीचा पडतो. डीबीआयचा आकडा या गोळ्याच्या तुलनेत सांगितलेला असतो. आता गोळा जरा दाबा आणि मधे बोट घालून भोक पाडा. मेदूवडा झाला. राउटरचा साधा अँटेना भोकातून उभा घातला, तर त्याची लहर भोवताली अशी वड्याच्या आकारात पसरते. बाजूंना सगळ्यात जास्त, आणि दांड्याच्या टोकाच्या सरळ रेषेत जवळजवळ काहीच नाही. अँटेना उभा ठेवून ठीक त्याच्या डोक्यावरच्या खोलीत नेट येत नाही म्हणून तक्रार करणाऱ्याला म्हणूनच एवढंच सांगावं लागतं, की एक दांडा आडवा करून बघा.

९ डीबीआयच्या अँटेनात तोच गोळा आणखी थापलेला असतो. भाकरी रुंद होते, पण पातळ होते. भाकरीच्या पातळीत लहर गोळ्याच्या आठपट तीव्र मिळते, आणि वरच्या मजल्यावर आधीपेक्षा कमी. एकाच मजल्यावर लांबलचक पसरलेल्या घराला किंवा गोदामाला हा अँटेना चांगला. दुमजली घरात तोच लावून वरच्या मजल्याचं नुकसान करून घेतलेले लोक मी पाहिले आहेत, आणि पैसे खर्चून असं झालेलं बघताना वाईट वाटतं. कारण घराघरांतला खरा घोटाळा बहुधा राउटरच्या जागेत असतो.

आत्याचं घर कोल्हापुरात शिवाजी पेठेतलं, जुनं. सोपा, माजघर, स्वयंपाकघर आणि मागं परडं, सगळं एका ओळीत. भिंती काळ्या दगडाच्या, दोन-दोन फूट रुंद. राउटर सोप्यातल्या कोनाड्यात ठेवलेला, दिसायला छान. पण कोनाडा म्हणजे तीन बाजूंनी दगड. स्वयंपाकघरात मोबाईलवर ॲप उघडून सिग्नल मोजला, तर उणे ८४.

हे उणे आकडे एकदा समजले की घरातलं बरंचसं कोडं सुटतं. दर दहा आकड्यांमागे शक्ती दहा पटीनं कमी होते, दर तीनमागे निम्मी. उणे ६० म्हणजे एका वॅटचा अब्जावा हिस्सा. घरगुती राउटर साधारण दशांश वॅट बाहेर टाकतो, म्हणजे उणे ६० ला मोबाईलच्या हाती त्याचा दहा कोटींवा भाग लागतो आणि तेवढ्यावर व्हिडिओ कॉल बिनबोभाट चालतो. मला यातलं हे सगळ्यात विलक्षण वाटतं. उणे ६५-६७ पर्यंत काळजी नसते, उणे ८० च्या खाली गेलं की चित्र अडकायला लागतं.

लहरी भिंतीतून आरपार जातात हे जगदीशचंद्र बोस यांनी १८९५ साली कोलकात्याच्या टाउन हॉलमध्ये लोकांसमोर दाखवलं होतं. भिंतीपलीकडे घंटा वाजवली, बंदुकीच्या दारूचा भडका उडवला. पण प्रत्येक भिंत आपला वाटा काढून घेते. विटेची भिंत थोडा घेते, दोन फूट दगड पुष्कळ घेतो, सळयांचा स्लॅब त्याहूनही त्रास देतो, आणि ५ गिगाहर्ट्झची लहर २.४ पेक्षा लवकर दमते. धातू तर लहर परतवून लावतो. आत्याच्या माजघरातल्या भिंतीला स्टीलच्या भांड्यांची मोठी मांडणी आहे, ती राउटर आणि स्वयंपाकघर यांच्या बरोबर मधे येत होती. लोखंडी कपाट आणि त्यावरचा आरसा यांचंही असंच. पाणी लहर पिऊन टाकतं, त्यामुळे माशांची टाकी शेजारी नको.

राउटर कोनाड्यातून काढला, पाच मीटर केबल वाढवली आणि माजघराच्या दारावर, चौकटीच्या वरच्या फळीवर ठेवला. तिथून स्वयंपाकघराचं दार सरळ रेषेत येतं. लहर दारांतून गेली, दगड टळला. आकडा उणे ६५. आत्या म्हणाली, "एवढंच होतं होय? मी नवा घ्यायला निघाले होते."

चार अँटेनांचा राउटर घेतला तर? चार अँटेना म्हणजे चौपट लांब जाणं असा अर्थ नाही. एकाच वेळी, लहरींच्या एकाच पट्ट्यात माहितीचे वेगवेगळे प्रवाह पाठवायला ते असतात. घरातल्या भिंतींवरून आपटत आलेल्या लहरी प्रत्येक अँटेनाला थोड्या वेगळ्या वेळी, वेगळ्या बाजूनं पोचतात, आणि त्या फरकावरूनच मोबाईल प्रवाह वेगळे काढतो. जिला आपण अडचण म्हणतो ती भिंत इथं उपयोगाला येते. हे तंत्र म्हणजे मायमो. त्याच्या मुळाशी असलेल्या १९९४ च्या अमेरिकी पेटंटवर दोन भारतीय जन्माच्या शास्त्रज्ञांची नावं आहेत. एक आरोग्यस्वामी पॉलराज, भारतीय नौदलात पाणबुड्या शोधणारं सोनार घडवून मग स्टॅनफर्डला गेलेले. दुसरे थॉमस कैलथ, जन्मानं पुण्याचे, पुण्याच्याच अभियांत्रिकी महाविद्यालयात शिकलेले. वायफायमध्ये मायमो २००९ च्या मानकापासून आलं. बहुतेक मोबाईलमध्ये वायफायचे दोनच अँटेना असतात, म्हणून एका मोबाईलला चारांचा पूर्ण लाभ मिळत नाही. घरात माणसं आणि यंत्रं बरीच असतील तर फरक पडतो.

आता मामांच्या स्लॅबवर परत जाऊ.

गुऱ्हाळाकडं तोंड केलेला पॅनेल अँटेना म्हणजे भाकरीचा गोळा एकाच बाजूला ओढून काढलेला, टॉर्चच्या झोतासारखा. त्यावर १४ डीबीआय लिहिलेलं होतं, म्हणजे समोरच्या दिशेला २५ पट. एवढं असून उसानं अडवलं, आणि तेही डबा डोळ्यांना दिसत असताना.

एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी जाताना लहर दोऱ्यासारखी सरळ रेषेत जात नाही. तिला भोवताली जागा लागते, दोन्ही टोकांना निमुळती आणि मधे फुगलेली, काकडीच्या आकाराची. फ्रेनेल या फ्रेंच अभियंत्यानं एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला प्रकाशाचा अभ्यास करताना हा हिशोब मांडला, म्हणून त्या जागेला फ्रेनेल क्षेत्र म्हणतात. तरंगलांबी जितकी मोठी तितकी काकडी जाड. ४०० मीटर अंतरावर डोळ्यांना दिसणाऱ्या प्रकाशासाठी मध्यावर तिची त्रिज्या सात मिलिमीटर भरते. शेंड्यांच्या वर बोटभर फट असली तरी डबा दिसतो तो यामुळं. मामांच्या डब्यांच्या ५.८ गिगाहर्ट्झच्या लहरीसाठी तीच त्रिज्या भरते सव्वादोन मीटर, म्हणजे साडेसात फूट. त्यातली निदान साठ टक्के, साडेचार फूट, मोकळी हवी.

मामांचे दोन्ही डबे जमिनीपासून तेरा फुटांवर होते. पात्यांसकट ऊस बारा फुटांचा. मधे उरलं एक फूट. फेब्रुवारीत त्याच जागी बारा फूट मोकळे होते. आणि ऊस म्हणजे पाण्यानं भरलेली कांडी आणि हिरवीगार पाती. रानभर टाकी भरून ठेवल्यासारखंच ते. वारा सुटला की पाती हलायची आणि नेट यायचं-जायचं.

पाऊस मात्र निर्दोष होता. जोराच्या सरीत डिश टीव्हीची छत्री चित्र घालवते, कारण तिच्या लहरी अडीच सेंटिमीटरच्या आसपास असतात, आणि उपग्रहापासून ३६ हजार किलोमीटर येऊन आधीच क्षीण झालेल्या असतात. ४०० मीटरच्या वायफायला पावसाचे थेंब फारसे भारी पडत नाहीत. ओलं शेत मात्र पडतं.

मी स्लॅबवरच वहीच्या पानावर काकडी काढून दाखवली. मामांनी पान हातात घेतलं, काकडीखाली स्वतः ऊस काढला आणि म्हणाले, "म्हंजे डब्बं वर न्यायला पाहिजेत. सरळ सांग की."

दोन वीस फुटी जीआय पाईप आणले, एक जिन्याच्या भिंतीला आणि एक गुऱ्हाळाच्या खांबाला पट्ट्यांनी आवळला, तीन बाजूंनी ताण दिले आणि विजेच्या तारांपासून लांब ठेवले. डबे सात फुटांनी वर गेले. संध्याकाळी गुऱ्हाळावरचा आकडा उणे ५८ वर येऊन थांबला आणि वाऱ्यातही हलला नाही. दसऱ्यानंतर चुलवाण पेटलं तेव्हा मी कोल्हापुरात बसून काहिलीवरची वाफ आणि गूळ ढवळणारा गुळव्या बघत होतो.

पुढच्या जुलैत त्या रानात आडसाली लावायचा मामांचा विचार आहे. तो उभा राहतो दीड वर्ष आणि होतो याहून उंच. त्यांनी पाईपच्या टोकाला आत्ताच वरून अडीच फुटांचा जोड बसवायची सोय करून ठेवली आहे.