जहाज वाचलं, पण तारीख हरवली

कोल्हापूरच्या टाऊन हॉल संग्रहालयात पोसायडनची छोटी कांस्यमूर्ती आहे. पोसायडन म्हणजे ग्रीकांचा समुद्रदेव. १९४० च्या दशकात पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरी टेकडीवर ती सापडली; तिथेच कांस्याची रोमन भांडी आणि आरसाही मिळाला. घाट उतरल्याशिवाय समुद्र दिसत नाही अशा आपल्या गावात हा देव पोहोचला तो व्यापारामुळे. आधी शिडाच्या जहाजातून आणि मग घाट चढून आला असणार. इजिप्तच्या बेरेनिके बंदरात भारतातली मिरी आणि सागवान सापडलं आहे, त्यामुळे या समुद्री ये-जा बद्दल शंका उरत नाही.

पण ती जहाजं बांधत कशी? खलाशी काय खात? याचं उत्तर बुडालेल्या जहाजाकडेच मिळतं, आणि त्यासाठी किरेनियाच्या जहाजाइतकं बोलकं जहाज मला दुसरं दिसत नाही. सायप्रस बेटाच्या उत्तर किनाऱ्याजवळ, किरेनिया शहरापाशी समुद्रात १९६५ मध्ये आंद्रेआस कारिओलू या पाणबुड्याला ते दिसलं. पुरातत्त्वज्ञ मायकेल कॅट्झेव्ह यांच्या चमूने १९६७ ते १९६९ या काळात त्याचं उत्खनन केलं. आपल्या पोसायडनपेक्षा हे जहाज दोन-तीनशे वर्षांनी जुनं.

लांबी जेमतेम १४ मीटर. पोटात सुमारे ४०० मातीचे रांजण, बहुतेक ऱ्होड्स बेटावरच्या घडणीचे. शिवाय जात्याचे दगड आणि हजारो बदाम. बदामांचा गर गेला, टरफलं राहिली. पाणी प्यायचे प्याले चार, तेलाचे बुधले चार, लाकडी चमचे चार. म्हणजे जहाजावर माणसं चारच! दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीचं हे जेवणाचं पान इतकं स्पष्ट दिसतं की अंगावर काटा येतो.

बांधणीही पाहण्यासारखी आहे. आज लाकडी नाव बांधताना सहसा आधी सांगाडा उभा करतात आणि मग त्यावर फळ्या ठोकतात. इथे उलटं होतं. फळ्यांच्या कडांना खाचा पाडायच्या, त्यांत लाकडी जिभा बसवून फळीला फळी जोडायची आणि वरून खुंट्या ठोकायच्या. आतल्या आडव्या फासळ्या नंतर. अरबी समुद्रात काथ्याने फळ्या शिवायची रीत होती, तिच्यापेक्षा ही अगदी वेगळी. जहाज म्हातारं झालं तेव्हा त्याच्या तळाला बाहेरून शिशाचा पत्रा मढवला होता, आणि डागडुजीच्या खुणा तर जागोजागी आहेत.

समुद्रात पडलेलं लाकूड सहसा टिकत नाही. शिंपल्यांच्या कुळातला एक लांबट प्राणी ते पोखरून टाकतो. किरेनियाच्या जहाजाचा जो भाग मालाच्या वजनाखाली वाळूत रुतला, तिथे प्राणवायू पोहोचला नाही, म्हणून तेवढा वाचला. तरी आतून लाकूड पोकळच झालं होतं. पेशींच्या भिंती विरत गेल्या, त्यांना आधार होता तो आत शिरलेल्या पाण्याचा. असं लाकूड तसंच सुकवलं तर आक्रसतं आणि तडकतं. म्हणून पाण्याच्या जागी पॉलिइथिलिन ग्लायकॉल नावाचा मेणासारखा पदार्थ मुरवला. जहाज वाचलं आणि किरेनियाच्या किल्ल्यात उभं राहिलं.

घोटाळा झाला तो वय काढताना. सजीव मेला की त्याच्यातला कार्बन-१४ हा किरणोत्सारी कार्बन ठरावीक वेगाने घटतो. ५,७३० वर्षांत निम्मा. मात्र ते मेण बनतं खनिज तेलापासून, आणि कोट्यवधी वर्षं जुन्या तेलात कार्बन-१४ उरलेलाच नसतो. धारोष्ण दुधात पाणी ओतावं तसं लाकडातल्या कार्बन-१४ चं प्रमाण पातळ होतं आणि लाकूड आहे त्याहून जुनं भासतं. मेण पुरतं निघाल्याशिवाय आकड्यावर भरवसा नाही.

२०२४ मध्ये पुरातत्त्वज्ञ स्टर्ट मॅनिंग आणि सहकाऱ्यांनी हा पेच सोडवला. त्यांनी लाकडातून मेण काढायची पद्धत बसवली. शिवाय जहाजावरचे बदाम आणि घोट्याचं एक हाडही तपासलं, कारण जुन्या खोडाचं लाकूड जहाज बुडण्याच्या कितीतरी आधीचं असू शकतं. बदाम मात्र शेवटच्या सफरीच्या आगेमागेच झाडावरून उतरलेले. तरीही आकडे जहाजात मिळालेल्या रांजणांच्या आणि नाण्यांच्या काळाशी जुळेनात. तेव्हा त्यांनी थेट मूळ तक्त्यालाच हात घातला. कार्बन-१४ च्या मोजमापाचं वर्षांत रूपांतर करणारा हा तक्ता झाडांच्या वार्षिक वलयांवरून बनतो. नेमक्या याच काळासाठी त्यांनी नव्याने वलयं मोजली, आणि तक्ता दुरुस्त झाला.

आता जहाज बुडाल्याचा काळ इ.स.पू. २९६ ते २७१ असा निघतो, त्यातही २८६ ते २७२ ची शक्यता अधिक. तक्त्याची ती दुरुस्ती एका जहाजापुरती नाही. त्या काळातल्या कुठल्याही कार्बन-तारखेला ती लागू पडते. आणि मेण मुरवलेलं जुनं लाकूड जगभरच्या संग्रहालयांत पडून आहे. तारीख काढता येत नाही म्हणून बाजूला ठेवलेले नमुने आता पुन्हा तपासणीला घेता येतील.