चुना, मका आणि वाटण : वाहाकाच्या खाद्यफेरीची पार्श्वभूमी

२००२ साली मॅकडोनल्ड्सने दक्षिण मेक्सिकोतल्या वाहाका शहराच्या मुख्य चौकात दुकान थाटायचं ठरवलं. फ्रान्सिस्को तोलेदो हा तिथल्या झापोटेक या मूलनिवासी समाजातला चित्रकार, जगभर नावाजलेला. त्याने सह्यांची मोहीम काढली आणि त्याच चौकात येणाऱ्याजाणाऱ्यांना फुकट तामाले वाटले. तामाले म्हणजे मक्याचं वाटलेलं पीठ पानात गुंडाळून वाफवलेलं. आपल्या पातोळ्यांच्या जातीचं, फक्त आत गूळखोबऱ्याऐवजी मिरचीचं वाटण आणि मांस. वर्षअखेरीस नगरपालिकेने दुकानाला परवानगी नाकारली.

आज त्याच चौकाच्या आसपासून खाद्यफेऱ्या निघतात. पुढे वाटाड्या, मागे आठ-दहा परदेशी पाहुणे, बाजारातली पाच-सहा ठिकाणं आणि प्रत्येक ठिकाणी दोन घास. कुठे काळा मोले, म्हणजे मिरच्यांच्या वाटणाचं दाट कालवण, कुठे लिंबू-लसूण लावून भाजलेले नाकतोडे, शेवटी मेस्काल या घायपाताच्या दारूचा घोट. 'हे सगळं हजारो वर्षांपासून असंच आहे' हे वाक्य अशा फेरीत कधी ना कधी कानावर पडतंच. ते अर्धं खरं आहे. खाणं जुनं आहे, पण ते कौतुकाने पाहायला जाणं अगदी अलीकडचं. मधली जवळजवळ चारशे वर्षं हेच अन्न मेक्सिकोतल्याच वरच्या वर्गाला कमीपणाचं वाटत होतं. ज्यांना दुसरं काही परवडत नव्हतं त्यांच्या चुलीवर ते रोज शिजत राहिलं, म्हणून टिकलं.

नकाशावर हे नाव वाचलं की 'ओक्साका' म्हणण्याचा मोह होतो. उच्चार मात्र 'वाहाका'. राज्याचंही हेच नाव आणि राजधानीचंही. सरकारी नोंदीप्रमाणे राज्यात सोळा मूलनिवासी समाज आहेत आणि नगरपालिका तब्बल ५७०, मेक्सिकोतल्या कुठल्याही राज्यापेक्षा जास्त. डोंगरांनी तुकडे केलेला हा मुलूख, त्यामुळे खोरं बदललं की ताट बदलतं. तेहुआंतेपेकच्या संयोगभूमीत हुचितानकडच्या बायका मातीच्या भट्टीच्या आतल्या भिंतीला मक्याच्या चकत्या चिकटवून भाजतात. तंदूरशी काही संबंध नसताना तंदूरचीच युक्ती. राजधानीच्या खोऱ्यात मात्र कोमाल चालतो. हा मातीचा पसरट तवा म्हणजे खानदेशातल्या मांड्यांच्या खापराचा दूरचा भाऊबंद.

गोष्ट सुरू होते ती शहरापासून तासाभराच्या वाटेवरच्या मित्ला गावाजवळच्या गुहांत. गिला नाकित्झ नावाच्या गुहेत केंट फ्लॅनरी या पुरातत्त्वज्ञाने १९६६ मध्ये उत्खनन केलं. तिथे सापडलेल्या लागवडीच्या भोपळ्याच्या बिया सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीच्या निघाल्या, आणि मक्याची बोटाएवढी कणसं सुमारे सव्वासहा हजार वर्षांपूर्वीची. जगातल्या सर्वांत जुन्या कणसांत त्यांची गणना होते. पुढे मका, घेवडा आणि भोपळा एकाच शेतात, एकमेकांच्या आधाराने घेण्याची रीत रुळली. घेवड्याचा वेल मक्यावर चढतो, भोपळ्याची पानं जमीन झाकतात. ज्वारीत तुरीच्या ओळी टाकणाऱ्याला हे वेगळं समजावून सांगायला नको.

पण मका पिकवणं ही अर्धीच करामत. उरलेली अर्धी चुन्यात आहे. दाणे चुन्याच्या पाण्यात उकळायचे, रात्रभर तसेच ठेवायचे आणि सकाळी चोळून धुवायचे. साल सुटते, दाणा मऊ होतो आणि वाटल्यावर पिठाला असा चिकटपणा येतो की न मोडता पातळ पोळी थापता येते. मेक्सिकोत तिला तोर्तिया म्हणतात. या प्रक्रियेलाच निश्तामाल म्हणतात. नाहुआत्ल या अॅझ्टेकांच्या भाषेतल्या राख आणि तामाले या दोन शब्दांचा तो जोड. चुन्याने आणखी एक काम होतं, जे डोळ्यांना दिसत नाही. एरवी शरीराला न मिळणारं मक्यातलं नायसिन हे जीवनसत्त्व त्यामुळे मोकळं होतं. स्पॅनिशांनी मका युरोपात नेला, चुना मात्र नेला नाही. मग अठराव्या शतकापासून उत्तर स्पेन आणि उत्तर इटलीत मक्यावर जगणारे गरीब शेतकरी पेलाग्राने खंगू लागले. कातडी सोलवटणारा, शेवटी माणसाला भ्रमिष्ट करणारा हा रोग. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तो अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांतही पसरला. बियाणं जहाजात चढवलं, पण ते रांधायचं कसं हे ज्यांना ठाऊक होतं त्या बायकांना कुणी विचारलंच नाही.

धुतलेला मका मेतातेवर वाटायचा. मेताते म्हणजे पायांचा, पुढे उतरता दगडी पाटा, आणि त्यावर दोन्ही हातांनी चालवायचा लांबट वरवंटा. खाद्यफेरीत पाहुण्यांना त्यावर हात मारून बघायला सांगतात, आणि दोन मिनिटं गंमतही वाटते. घरादाराच्या पोळ्यांसाठी पहाटे गुडघ्यांवर बसून तासन्‌तास वाटणाऱ्या बाईला ती तशी वाटत नसे. विसाव्या शतकात गावोगाव ओल्या मक्याच्या गिरण्या आल्या तेव्हा हा जाच सुटला. हाताने वाटलेल्याची चव न्यारी म्हणणाऱ्यांनी हेही ध्यानात ठेवावं.

फेरीचा मार्ग बाजारांतून जातो, आणि हे बाजार फेरीपेक्षा कितीतरी जुने. आठवडी बाजाराला इथे तियांगिस म्हणतात, हाही नाहुआत्लमधूनच आलेला शब्द. खोऱ्यात प्रत्येक गावाचा वार ठरलेला आहे. बुधवार एत्लाचा, गुरुवार साचिलाचा, शुक्रवार ओकोत्लानचा, शनिवार शहराचा आणि रविवार त्लाकोलुलाचा. ब्रोनिस्लाव मालिनोव्स्की हे नाव मानववंशशास्त्राच्या विद्यार्थ्यांना पॅसिफिकमधल्या बेटांमुळे माहीत असतं. आयुष्याच्या शेवटी, १९४० आणि १९४१ मध्ये, ते हुलिओ दे ला फुएंते या मेक्सिकन अभ्यासकाबरोबर याच बाजारांत हिंडत होते. कोणतं गाव काय विकतं, पैसा कसा फिरतो याच्या नोंदी घेत होते. शहराजवळच्या सान आंद्रेस उआयापामच्या बायका आजही तेहाते विकायला आणतात. मका, कोको, मामे या फळाची बी आणि एक सुगंधी फूल वाटून, पाण्यात हाताने घुसळून केलेलं हे थंड पेय. वर पांढरा फेस तरंगतो आणि वाढायला रंगवलेल्या भोपळ्याची वाटी. पहिल्यांदा पाहणाऱ्याला दूध नासल्यासारखं वाटेल, पण एक घोट घेतल्यावर मत बदलतं.

शहराच्या मध्यात दोन बाजार शेजारी शेजारी आहेत. एकाला बेनितो हुआरेझचं नाव. याच राज्यातल्या डोंगरात जन्मलेला हा झापोटेक पोर पुढे देशाचा अध्यक्ष झाला. दुसऱ्याचं नाव 'वीस नोव्हेंबर', म्हणजे १९१० च्या क्रांतीची तारीख. गंमत अशी की ती क्रांती ज्याच्याविरुद्ध झाली तो हुकूमशहा पोर्फिरिओ दियासही वाहाकाचाच. या दुसऱ्या बाजारात दोन्ही बाजूंना कोळशाच्या शेगड्या असलेला धुराचा बोळ आहे. तिथे मांस निवडून समोर भाजून घ्यायचं.

त्लायुदा मागवली तर एकाच ताटात सगळा इतिहास मिळतो. खालची मोठी, कडक भाजलेली मक्याची पोळी इथली. त्यावर फासलेला काळ्या घेवड्याचा लगदा आणि त्याला सुगंध देणारं अव्होकाडोचं पान, तेही इथलंच. पण पोळीला लावलेली डुकराची खरवड-चरबी १५२१ नंतरची, कारण स्पॅनिश येण्याआधी इथे डुक्कर नव्हतं. केसियो हे दोरीसारखं ओढून गुंडा केलेलं एत्लाकडचं चीज, त्याला गायी लागतात, म्हणजे तेही नंतरचं. वरची गोमांसाची पट्टी नंतरची, कांदा-लसूणही नंतरचे. नुसतं 'पुरातन' म्हणून चालणार नाही आणि 'स्पॅनिश' म्हणूनही नाही. मेक्सिको जिंकणाऱ्या एर्नान कोर्तेसला १५२९ मध्ये स्पेनच्या राजाने 'वाहाकाच्या खोऱ्याचा मार्की' ही पदवी दिली. खोरं त्याच्या नावावर झालं, तरी खालची पोळी मक्याचीच राहिली.

मोलेची गोष्ट आणखी गुंतागुंतीची. पुएब्ला शहरातल्या सांता रोसा मठात जोगिणींनी बिशपसाठी हाताला लागेल ते एकत्र वाटलं आणि मोले तयार झाला, ही दंतकथा मेक्सिकोभर सांगतात. कथा गोड आहे, पण ती छापील रूपात पसरली विसाव्या शतकात. मोले हा शब्द नाहुआत्लमधल्या 'मोल्ली'वरून, अर्थ सरळ वाटण किंवा कालवण. बेर्नार्दिनो दे साआगुन या पाद्र्याने सोळाव्या शतकात नाहुआ लोकांकडून ऐकून त्यांच्या जेवणाचं जे वर्णन लिहून ठेवलं, त्यात मिरची, टोमॅटो आणि भोपळ्याच्या बियांची वाटणं भरपूर आहेत. नंतर त्यात तीळ, बदाम, मनुका आले. फिलिपिन्सहून आकापुल्कोला येणाऱ्या गलबतांनी १५६५ ते १८१५ अशी अडीचशे वर्षं दालचिनी, लवंग, मिरी आणली. वाहाकाच्या काळ्या मोलेत चिलवाक्ले ही तिथल्या कान्यादा भागातली मिरची जवळजवळ कोळसा होईतो भाजतात, मग बाकीच्या जिनसा, शेवटी चॉकलेट. खानदेशी काळा मसाला घरी भाजताना ज्याला ठसका लागला आहे त्याला या स्वयंपाकघरातली हवा ओळखीची वाटेल. चॉकलेटच्या नावाने घाबरू नये. मोले गोड नसतो.

'सात मोलेंचं राज्य' ही वाहाकाची आजची ओळख. काळा, लाल, पिवळा, हिरवा, कोलोरादितो, चिचिलो आणि मांचामांतेलेस, म्हणजे 'मेजपोस खराब करणारा'. सात हा आकडा पर्यटनाला सोयीचा आहे. गावांत मोले त्याहून कितीतरी जास्त.

फेरीत बऱ्याचदा 'आलेग्रिया'ची वडी हातात ठेवतात. चावल्यावर मराठी माणूस चमकतो, कारण ती थेट राजगिऱ्याची चिक्की. राजगिरा मूळचा तिकडचाच. तिथल्या पूजेत त्याच्या पिठाच्या मूर्ती करून खात, म्हणून पाद्र्यांनी त्या विधींवर बंदी आणली. आपल्याकडे तोच दाणा उपासाला चालतो. चिकूचं नावही नाहुआत्लमधून स्पॅनिशमार्गे आलेलं. मिरची आणि टोमॅटो तर सांगायलाच नकोत. आणि नोव्हेंबरच्या पहिल्या दोन दिवसांत वाहाकाची घरं पितरांच्या वेदीवर जी केशरी फुलं रचतात, ती आपल्या दसऱ्याच्या झेंडूचीच.

आता त्या चारशे वर्षांबद्दल. विजेत्यांचं धान्य गहू आणि हरलेल्यांचं मका, ही वाटणी वसाहतीच्या काळातच पक्की झाली होती. स्वातंत्र्यानंतरही ती मिटली नाही. १८३१ मध्ये देशाचा पहिला छापील पाककोश निघाला. त्यात मेक्सिकन स्वयंपाकाचा अभिमान होता, पण तामाले आणि तोर्तिया खालच्या वर्गाचं खाणं म्हणून कडेला. दियासच्या काळात तर याला शास्त्राचा मुलामा चढला. फ्रान्सिस्को बुल्नेस या राजकारण्याने १८९९ मध्ये मानवजातीची गहू, तांदूळ आणि मका खाणारे अशी विभागणी करून मका खाणाऱ्यांना मागासलेपण चिकटवलं. दोष जमीन बळकावणाऱ्यांचा, खापर भाकरीवर.

क्रांतीनंतर वारं फिरलं, पण हळूहळू. होसेफिना बेलास्केस दे लेओन या पाककलाशिक्षिकेने देशभर हिंडून बायकांकडून प्रांतोप्रांतीच्या पाककृती गोळा केल्या आणि १९४६ मध्ये त्या पुस्तकरूपाने छापल्या. 'प्रादेशिक मेक्सिकन स्वयंपाक' ही कल्पना मुख्यतः त्यानंतर रुजली. डायना केनेडी ही इंग्रज बाई १९५७ मध्ये मेक्सिकोत आली आणि गावोगाव भटकली. तिच्या १९७२ च्या पुस्तकाच्या नावात मेक्सिकोच्या स्वयंपाकाचा उल्लेख अनेकवचनी होता. अमेरिकी वाचकांना तोवर टाको म्हणजेच मेक्सिको वाटे. सरकारने २००५ मध्ये युनेस्कोकडे अर्ज केला, तो नाकारला गेला. दुसऱ्यांदा मिचोआकान राज्यातल्या पारंपरिक स्वयंपाकिणींचं काम पुढे ठेवून अर्ज केला, आणि नोव्हेंबर २०१० मध्ये नैरोबीत पारंपरिक मेक्सिकन स्वयंपाक अमूर्त वारशाच्या यादीत गेला. ज्या बायकांच्या भाकरीला मागास ठरवलं होतं, त्यांच्याच हातांच्या जोरावर.

मानमरातब आला, पण धान्य स्वस्त झालं. १९९४ च्या उत्तर अमेरिकी व्यापार करारानंतर अमेरिकेचा मका मेक्सिकोत ओतला जाऊ लागला, आणि देशी वाणं पिकवून घर चालणं अवघड झालं. वाहाकातून कितीतरी माणसं उत्तरेला गेली. २००१ मध्ये इथल्या डोंगरातल्या देशी मक्यात जनुक बदललेल्या मक्याचे अंश सापडल्याचा दावा 'नेचर' नियतकालिकात छापून आला. पद्धतीवरून मोठा वाद झाला, पण काळजी विझली नाही. दुसरीकडे शहर पाहुण्यांना आवडू लागलं तशी मध्यवस्तीतली भाडी चढली. जानेवारी २०२४ मध्ये स्थानिक लोक त्याविरुद्ध रस्त्यावर उतरले. तोलेदोने ज्या चौकात एका दुकानाला अडवलं, त्याच्या आजूबाजूच्या गल्ल्यांतून आता कुणाला बाहेर जावं लागतंय, हा प्रश्न खाद्यफेरीच्या माहितीपत्रकात बसत नाही.

रविवारी त्लाकोलुलाला जाणाऱ्या फेऱ्याही आहेत. पाहुणे बार्बाकोआ, म्हणजे खड्ड्यात मंद शिजवलेलं बकऱ्याचं मांस खातात, पावाचे फोटो काढतात आणि दुपारी परततात. बाजार चालूच राहतो. गावी परतण्याआधी खेड्यांतल्या बायका मिरची घेतात, मातीचे तवे ठोकून बघतात. आणि एका कडेला पांढऱ्या खड्यांचा ढीग घेऊन कुणी बसलेलं असतं, त्याच्याकडून आठवड्याचा चुना घेतात.